पडद्याआडचे अनोळखी पाहुणे

एका पावसाळ्यातील गोष्ट आहे. आमच्या शाळेच्या संगणक-कक्षात नववीची मुले काम करीत बसली होती. त्यांतील एक मुलगी विज्ञान प्रदर्शनाची तयारी करीत होती. शाळेच्या गच्चीवरील पर्जन्यमापकात जूनपासून रोज किती मिलिमीटर पाऊस जमला, याच्या नोंदी ती वहीतून संगणकात उतरवीत होती. संगणक मात्र फार रेंगाळत चालला होता. एक कळ दाबावी आणि अक्षर उमटेपर्यंत पडद्याच्या तोंडाकडे पाहत बसावे, अशी त्याची तऱ्हा!

शेजारच्या मुलाला तिची दया आली. विंडोज असलेल्या संगणकावर कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप या तीन कळा एकदम दाबल्या, की 'टास्क मॅनेजर' नावाची चौकट उघडते, हे त्याला ठाऊक होते. त्याने ती उघडली, तपशिलाच्या पानावर गेला आणि दचकलाच. एकाच नावाच्या साठ-सत्तर ओळी! नाव तरी कसले विचित्र : एस, व्ही, सी आणि पुढे होस्ट. 'व्हायरस!' असे ओरडून त्याने एकेक ओळ निवडून बंद करायचा सपाटा लावला. मध्येच संगणकाने एक धोक्याची सूचना दिली. ती न वाचताच त्याने होकार भरला. पडदा क्षणात निळा झाला आणि संगणक आपण होऊन पुन्हा सुरू झाला. पावसाचा तक्ता जतन केलेला नव्हता. दीड तासाचे काम वाहून गेले.

त्या साठ-सत्तर ओळींपैकी एकही व्हायरस नव्हता. विंडोजची नवी सुधारणा पडद्याआड उतरत होती, म्हणून संगणक मंदावला होता, इतकेच. पण त्या मुलाला रागवावे असे मला वाटले नाही. 'हा कोण?' हा त्याचा प्रश्न अगदी योग्य होता. चूक झाली ती उत्तर काढण्याच्या रीतीत.

समजा, तुमच्या ताईच्या लग्नात तुम्ही मांडवात उभे आहात. स्वच्छ झब्बा घातलेले एक अनोळखी गृहस्थ मुदपाकखान्यातून बाहेर येतात, पंक्तीवरून नजर फिरवतात आणि दागिने ठेवलेल्या खोलीकडे चालू लागतात. वधूकडच्या मंडळींना वाटते, वरपक्षाकडचे असतील. वरपक्षाला वाटते, वधूकडचे असतील. नाव विचारले तर ते 'जोशी' म्हणून सांगतील. मांडवात जोशी पंधरा! नुसत्या नावावरून काय कळणार? आता दुसरी बाजू पाहा. तुम्ही घाईघाईने त्यांची गचांडी धरली आणि ते निघाले वरपित्याचे सख्खे धाकटे बंधू, तर? चोर सुटणे वाईट, तसे पाहुण्याला चोर ठरवणेही वाईट. संगणकातही नेमके असेच आहे.

संहिता आणि प्रयोग

प्रोग्रॅम आणि प्रक्रिया यांतील फरक आधी समजून घेऊ. प्रोग्रॅम म्हणजे आज्ञांची फाइल. ती डिस्कवर निपचित पडून असते, कपाटात ठेवलेल्या नाटकाच्या संहितेसारखी. संगणकाने ती स्मृतीत घेतली, तिला सीपीयूच्या वेळाचा वाटा दिला आणि तिच्यातील आज्ञा पाळायला सुरुवात केली, म्हणजे झाली 'प्रक्रिया'. हा त्या नाटकाचा प्रयोग. एकाच संहितेचे पुण्यात, नागपुरात आणि मडगावात एकाच रात्री तीन प्रयोग होऊ शकतात, तशाच एका फाइलीच्या अनेक प्रक्रिया एकाच वेळी चालू शकतात. म्हणून प्रत्येक प्रक्रियेला ऑपरेटिंग सिस्टिम एक वेगळा क्रमांक देते. नाव सारखे असले, तरी एकाच वेळी चालणाऱ्या दोन प्रक्रियांचे क्रमांक कधी सारखे नसतात.

प्रयोग रंगमंचावर दिसतो. पण प्रकाश टाकणारे, पडदा ओढणारे, घंटा देणारे लोक प्रेक्षकांना दिसत नाहीत. संगणकातही पडद्याआड राबणाऱ्या प्रक्रिया पुष्कळ असतात. छपाईची रांग सांभाळणे, घड्याळ बिनचूक ठेवणे, वायफायचे जाळे शोधणे, सुधारणा उतरवून घेणे ही त्यांची कामे. युनिक्स आणि लिनक्स यांच्या जगात अशा प्रक्रियांना 'डीमन' म्हणतात. या नावाचा इतिहास मोठा गमतीचा आहे. अमेरिकेतील एमआयटी या संस्थेत १९६३ साली फर्नांडो कॉर्बाटो यांच्या गटाने हा शब्द योजला, तो भौतिकशास्त्रातून उचलून. जेम्स क्लार्क मॅक्सवेल यांनी १८६७ साली एका कल्पित जीवाची कल्पना मांडली होती. दोन कप्प्यांमधील दारापाशी बसून तो वेगवान रेणू एकीकडे आणि मंद रेणू दुसरीकडे सोडीत असतो. कोणाच्याही नजरेस न पडता सतत निवडीचे काम करणारा हा 'मॅक्सवेलचा डीमन' त्या गटाला आवडला. तेव्हा पडद्याआड काही चालू असणे हा मुळीच गुन्हा नव्हे.

आता त्या विचित्र नावाकडे वळू. एसव्हीसीहोस्ट म्हणजे 'सर्व्हिस होस्ट', सेवांचा यजमान. विंडोजमधील अनेक सेवा स्वतंत्र प्रोग्रॅम म्हणून लिहिलेल्या नसतात. त्या डीएलएल नावाच्या फायलींत असतात आणि अशी फाइल एकटी चालू शकत नाही. तिला कोणाच्या तरी घरात उतरावे लागते. ते घर म्हणजे एसव्हीसीहोस्ट. विंडोज २०००च्या काळात स्मृती महाग होती, म्हणून एकेका घरात पाचसहा सेवा दाटीवाटीने राहत. त्यात अडचण अशी, की एक सेवा कोसळली तर तिच्याबरोबर सारे घर कोसळे. पुढे स्मृती स्वस्त झाली. २०१७ साली विंडोज १०मध्ये असा बदल केला गेला, की संगणकात साडेतीन गिगाबाइटपेक्षा अधिक स्मृती असेल, तर बहुतेक सेवांना स्वतंत्र घर मिळावे. त्यामुळे यादीतील या नावाच्या ओळी एकदम वाढल्या. आमच्या विद्यार्थ्याने पाहिलेल्या साठ-सत्तर ओळींचे कोडे हे असे सुटते.

पाहुण्यालाच चोर ठरवले तेव्हा

घाई केवळ विद्यार्थीच करतात असे नाही. २१ एप्रिल २०१० रोजी मॅकॅफी या प्रसिद्ध व्हायरसविरोधी कंपनीने आपल्या प्रोग्रॅमसाठी रोजच्यासारखी नवी ओळखयादी पाठविली. या यादीत एक चूक राहून गेली होती. विंडोज एक्सपीच्या तिसऱ्या सर्व्हिस पॅकमधील अस्सल एसव्हीसीहोस्ट हीच फाइल तिने व्हायरस म्हणून ओळखली आणि उचलून कोंडून ठेवली! यजमानच नाहीसा झाल्यावर सेवा राहणार कोठे? हजारो संगणक बंद होऊन पुन्हा सुरू होण्याच्या चक्रात सापडले. त्यांचे नेटवर्कही गेले, त्यामुळे दुरुस्ती दुरून पाठविता येईना; प्रत्येक यंत्रापाशी माणसाने जाऊन बसावे लागले. अमेरिकेतील ऱ्होड आयलंड राज्यात काही रुग्णालयांना तातडीच्या नसलेल्या शस्त्रक्रिया पुढे ढकलाव्या लागल्या. पाहुण्याची गचांडी धरल्याचा हा परिणाम.

त्याआधी, २००२ साली, याहूनही मजेदार प्रकार घडला होता. 'तुमच्या संगणकात अस्वलाचे चित्र असलेली अमुक फाइल सापडली तर ताबडतोब पुसून टाका, तो भयंकर व्हायरस आहे आणि कोणत्याही व्हायरसविरोधी प्रोग्रॅमला तो सापडत नाही,' असे पत्र ई-मेलने जगभर फिरले. लोकांनी शोधले, तर खरोखरच खेळण्यातल्या अस्वलाचे चित्र असलेली फाइल सापडली. भराभर पुसल्या गेल्या त्या फायली. वास्तविक ती जावा या भाषेतील प्रोग्रॅमांच्या चुका शोधण्यासाठी विंडोजबरोबरच आलेली निरुपद्रवी फाइल होती. येथे व्हायरस नव्हताच. व्हायरसचे काम माणसांकडूनच करवून घेतले गेले.

सोंग घेणारे

पण खरे चोर असतात आणि ते सोंगही उत्तम घेतात. २ नोव्हेंबर १९८८च्या संध्याकाळी रॉबर्ट मॉरिस या कॉर्नेल विद्यापीठातील विद्यार्थ्याने एक प्रोग्रॅम इंटरनेटवर सोडला. तो एका संगणकावरून दुसऱ्यावर स्वतःच सरपटत जाई, म्हणून त्याला 'मॉरिसचा किडा' असे नाव पडले. हा किडा चालू झाला, की प्रक्रियांच्या यादीतील आपले नाव बदलून 'एसएच' असे करून घेई. एसएच हा युनिक्सवर सदैव चालू असणारा साधासुधा आज्ञापाल. यादी पाहणाऱ्याची नजर त्यावरून सहज घसरून जावी, हा हेतू. शिवाय तो मधूनमधून आपला क्रमांकही बदलत राही. तरी पकडला गेलाच, आणि तो वागण्यावरून. एका संगणकात तो पुन्हा पुन्हा शिरत असल्याने त्याच्या प्रती वाढत जात आणि यंत्र कामाच्या ओझ्याने थकून जाई. सुमारे सहा हजार संगणकांना त्याची बाधा झाली असा त्या वेळचा अंदाज होता, आणि सारे इंटरनेट तेव्हा साधारण साठ हजार संगणकांचे होते!

नावाचे सोंग आणखी एका प्रकारे घेता येते. एसव्हीसीहोस्ट या इंग्रजी अक्षरांतील 'ओ'च्या जागी शून्य लिहा, किंवा 'व्ही' आणि 'सी' यांची अदलाबदल करा. भरभर वाचणाऱ्या डोळ्यांना फरक कळत नाही. विंडोजमध्ये प्रवेशाच्या वेळी सांकेतिक शब्द तपासणारी एक महत्त्वाची प्रक्रिया आहे, तिच्या नावाचे पहिले अक्षर 'एल'. त्या छोट्या 'एल'च्या जागी मोठा 'आय' घातला, तर बऱ्याच टाइपांत दोन्ही उभ्या रेघाच दिसतात. अशी जोडनावे दुष्ट प्रोग्रॅमांनी वेळोवेळी वापरलेली आहेत. म्हणून नाव वाचायचे असेल तर अक्षर अन् अक्षर वाचावे, आणि वाचून झाल्यावरही त्यावर फारसे विसंबू नये.

मग विसंबायचे कशावर? पहिला पुरावा म्हणजे घराचा पत्ता. टास्क मॅनेजरमधील ओळीवर उजवी कळ दाबली, की फाइल कोठे ठेवलेली आहे ते दाखविण्याचा पर्याय मिळतो. अस्सल एसव्हीसीहोस्ट सी ड्राइव्हवरील विंडोज फोल्डरात, सिस्टिम३२ या उपफोल्डरात राहतो. (६४ बिटांच्या विंडोजमध्ये सिसवॉव६४ या फोल्डरातही त्याची एक अस्सल प्रत असते.) त्या नावाची प्रक्रिया डाउनलोड किंवा टेंप अशा फोल्डरातून चालत असेल, तर सावध व्हावे. मात्र परका पत्ता म्हणजे लबाडी असा उलटा नियम करू नका. वापरणाऱ्याच्या वैयक्तिक फोल्डरात राहणारे प्रामाणिक प्रोग्रॅम पुष्कळ आहेत. वर्ग आणि सभा भरविण्यासाठी वापरतात तो झूम अनेकदा तेथेच उतरतो.

दुसरा पुरावा, याला कोणी आणले? प्रत्येक प्रक्रियेला सुरू करणारी दुसरी एक प्रक्रिया असते, तिला जनक म्हणतात. एसव्हीसीहोस्टचा जनक म्हणजे 'सर्व्हिसेस' नावाची विंडोजची प्रक्रिया. तोच यजमान एखाद्या पत्राला जोडून आलेल्या वर्डच्या फाइलीतून जन्माला आला असेल, तर दाल में काला है म्हणावे लागेल. ही वंशावळ टास्क मॅनेजर दाखवीत नाही. त्यासाठी 'प्रोसेस एक्सप्लोरर' हे फुकट मिळणारे साधन आहे. त्याचे जनक मार्क रुसिनोविच यांची ओळख पुढे होईलच. जाता जाता एक सांगून ठेवतो. एसव्हीसीहोस्ट वापरणाऱ्याच्या नावाने कधीच चालत नाही, चालला तर तो खोटा, असे जुन्या टिपणांत वाचायला मिळते. विंडोज १०पासून हे खरे राहिलेले नाही.

तिसरा पुरावा अधिक शास्त्रीय आहे, तो म्हणजे ठसा आणि सही. कोणत्याही फाइलीतील सारे बिट एका ठरलेल्या गणिती चरकातून काढले, की एक ठराविक लांबीची संख्या मिळते. 'शा-२५६' या पद्धतीत ती २५६ बिटांची, म्हणजे सोळाच्या पायावर लिहिल्यास ६४ अंकांची असते. फाइल एका ओळीची असो वा एक गिगाबाइटची, ठसा ६४ अंकांचाच. फाइलीत एक स्वल्पविराम बदला, सगळा ठसा बदलून जातो. ठशावरून फाइल पुन्हा घडविता येत नाही आणि एकाच ठशाच्या दोन वेगळ्या फायली आजवर कोणाला सापडलेल्या नाहीत. विंडोजच्या पॉवरशेलमध्ये 'गेट-फाइलहॅश' या आज्ञेने तुम्हालाही ठसा काढता येतो. नुसता ठसा 'व्हायरसटोटल' या सेवेत शोधला, तर ती फाइल आधी कोणी तपासली आहे काय आणि अनेक व्हायरसविरोधी प्रोग्रॅमांचे तिच्याविषयी काय मत आहे, ते कळते. फाइल पाठविण्यापेक्षा ठसा पाठविणे बरे, कारण पाठविलेली फाइल इतर तपासनीसांनाही पाहता येते.

सही म्हणजे या ठशावर प्रोग्रॅम करणाऱ्याने मारलेली गुप्त किल्लीची मोहोर. मोहोर मारायची किल्ली फक्त त्याच्यापाशी असते. ती पडताळण्याची किल्ली मात्र सर्वांसाठी उघडी. फाइलीच्या गुणधर्मांच्या चौकटीत डिजिटल सह्यांचे पान दिसते, तेथे सहीचे नाव वाचता येते. विंडोजच्या काही फायलींच्या सह्या एका वेगळ्या सूचीत ठेवलेल्या असतात, त्यामुळे ते पान दिसले नाही म्हणून लगेच आरोळी ठोकू नये.

गाण्याच्या तबकडीतून आलेला पाहुणा

हे सारे पुरावे एकत्र कसे वापरावेत, याचे माझ्या माहितीतील सर्वांत सुंदर उदाहरण २००५ सालचे आहे. मार्क रुसिनोविच हे विंडोजच्या अंतरंगाचे जाणकार. लपून बसलेले प्रोग्रॅम हुडकणारे एक साधन त्यांनी तयार केले होते. ऑक्टोबरच्या अखेरीस ते स्वतःच्याच संगणकावर चालवून पाहताना त्यांना एक लपविलेला फोल्डर, काही लपविलेले ड्रायव्हर आणि एक लपविलेला प्रोग्रॅम आढळला. अनोळखी जागी न फिरकणाऱ्या, सावध माणसाच्या संगणकात!

त्यांनी काहीही पुसले नाही. आधी निरीक्षण केले. लपविलेल्या सर्व नावांत एक समान गोष्ट होती. प्रत्येक नावाच्या आरंभी डॉलरचे चिन्ह, मग 'सिस' ही अक्षरे आणि पुन्हा डॉलरचे चिन्ह. त्यांनी तर्क केला, की या आरंभाचे कोणतेही नाव दिसू न देणारा कोणीतरी पहारेकरी आत बसला आहे. तर्क पडताळण्यासाठी त्यांनी एक साधा प्रयोग केला. विंडोजबरोबर येणाऱ्या नोटपॅडची एक प्रत घेतली आणि तिच्या नावाला तोच आरंभ जोडला. नोटपॅड डोळ्यांसमोरून अदृश्य झाले!

पुढे लपलेल्या फायलींच्या माहितीत त्यांना एका ब्रिटिश कंपनीचे नाव मिळाले. ही कंपनी गाण्यांच्या सीडींची नक्कल होऊ नये यासाठी प्रोग्रॅम तयार करीत असे आणि सोनी बीएमजी ही संगीत कंपनी तिची गिऱ्हाईक होती. तेव्हा रुसिनोविच यांना आठवले, की थोड्याच दिवसांपूर्वी आपण अशी एक सीडी विकत घेतली होती. ती संगणकावर वाजवायची तर तिच्यातीलच वादक-प्रोग्रॅम घ्यावा लागे. त्यांनी सीडी घालून वाजविली आणि त्या लपलेल्या प्रक्रियेचा सीपीयूचा वापर वाढताना पाहिला. संबंध सिद्ध झाला. गाणे बंद केल्यावरही ती प्रक्रिया सीपीयूचा एक ते दोन टक्के वेळ खात राहिली, कारण चालू असलेल्या प्रोग्रॅमांच्या फायली ती दर दोन सेकंदांनी चाचपून पाहत होती. तिने विंडोजला सांगितलेले स्वतःचे नाव काय असावे? 'प्लग अँड प्ले डिव्हाइस मॅनेजर'! जणू ही विंडोजचीच एखादी जुनी सेवा.

या कथेत एक खाचही आहे. एवढे सारे समजल्यावर रुसिनोविच यांनी ते ड्रायव्हर काढून टाकले आणि त्यांच्या संगणकावरून सीडीचा ड्राइव्हच नाहीसा झाला. पाहुण्याने स्वतःला सीडी ड्राइव्हच्या साखळीत गुंफून घेतले होते. कडी तोडल्यावर साखळी तुटली. विंडोजच्या नोंदवहीत योग्य जागी दुरुस्ती करून त्यांनी ड्राइव्ह परत मिळविला. एवढ्या तज्ज्ञाची ही गत, तर साध्या माणसाचे काय झाले असते?

३१ ऑक्टोबर २००५ रोजी त्यांनी हा शोध जाहीर केला. काही दिवसांतच दुष्ट प्रोग्रॅम लिहिणाऱ्यांनी आपल्या फायलींना तोच डॉलरवाला आरंभ द्यायला सुरुवात केली. आयता पहारेकरी मिळाला, मग काय हवे! अखेर सोनी बीएमजीला त्या सीडी बाजारातून परत घ्याव्या लागल्या. एकूण ५२ अल्बम होते. सुमारे ४७ लाख तबकड्या निघाल्या होत्या आणि त्यांपैकी २१ लाख विकल्या गेल्या होत्या. आता सांगा, हा पाहुणा चोर की सज्जन? तो पैसे चोरीत नव्हता. त्याला आणणारी कंपनी प्रतिष्ठित होती. पण मालकाला न सांगता तो घरात शिरला, लपला आणि जाण्याचे दार त्याने ठेवले नाही. माझ्या मते 'सुरक्षित' या शब्दाचा अर्थ केवळ 'व्हायरस नाही' इतका अरुंद करू नये, हे या प्रकरणाने दाखवून दिले.

पुरावे थकतात तेथे

वर सांगितलेले सर्व पुरावे अनुकूल निघाले, तरी शंकेला थोडी जागा उरतेच. २००८ सालच्या नोव्हेंबरात पसरलेल्या 'कॉन्फिकर' या किड्याचे पाहा. तो स्वतः डीएलएलच्या रूपात अस्सल एसव्हीसीहोस्टच्या घरात उतरे. नाव बरोबर, पत्ता बरोबर, जनक बरोबर, सहीही बरोबर. यजमान सज्जन आणि उतरलेला पाहुणा दुर्जन! अशा वेळी यजमानाच्या आत कोणत्या फायली बसल्या आहेत, तेही पाहावे लागते. वास्तविक ज्या खिडकीतून तो शिरे, ती बंद करणारी सुधारणा २३ ऑक्टोबर २००८ रोजीच निघाली होती. ज्यांनी ती लावली, त्यांच्या घरी त्याला त्या खिडकीतून शिरता आले नाही.

२०१० साली उघडकीस आलेल्या 'स्टक्सनेट'ने तर सहीवरचा विश्वासच हलविला. इराणमधील नतान्झ येथील युरेनियम समृद्धीकरणाच्या यंत्रांना लक्ष्य करणाऱ्या या किड्याच्या ड्रायव्हरांवर तैवानमधील रिअलटेक आणि जेमायक्रॉन या नामांकित कंपन्यांच्या खऱ्या सह्या होत्या. गुप्त किल्ल्याच चोरीला गेल्या होत्या.

मग कोणताही प्रोग्रॅम दिला असता 'हा व्हायरस आहे' किंवा 'नाही' असे बिनचूक सांगणारे यंत्र कोणी का बनवीत नाही? उत्तर थक्क करणारे आहे : असे यंत्र बनूच शकत नाही. फ्रेड कोहेन यांनी १९८०च्या दशकात हे तर्काने दाखवून दिले. समजा, असा एक सर्वज्ञ परीक्षक आहे. मी एक खट्याळ प्रोग्रॅम लिहितो. तो आधी परीक्षकाला विचारतो, 'मी व्हायरस आहे काय?' परीक्षक 'होय' म्हणाला, तर तो काहीच न करता स्वस्थ बसतो. परीक्षक 'नाही' म्हणाला, तर तो पसरू लागतो. परीक्षकाने काहीही उत्तर दिले तरी ते चूकच ठरते! तेव्हा सर्वज्ञ परीक्षक असणे शक्य नाही. कागद-पेन्सिल घेऊन हा तर्क दोनदा तपासून पाहा.

मात्र यावरून हताश होण्याचे कारण नाही. प्रत्येक आजार बिनचूक ओळखणारा वैद्य नसतो, म्हणून आपण नाडी पाहणे सोडत नाही. चार स्वतंत्र पुरावे एका दिशेला बोट दाखवू लागले, की बहुतेक वेळा उत्तर मिळते. वागण्याचा पुरावाही जपून वापरावा. सीपीयू भरपूर खाणारी प्रक्रिया विंडोजचीच व्हायरसविरोधी तपासणी असू शकते आणि दीड टक्का खाणारी लबाड असू शकते, हे आपण पाहिलेच.

एवढे करूनही संशय राहिला, तर आधी आपले काम जतन करा. मग नेटवर्कची तार काढा किंवा वायफाय बंद करा, म्हणजे पाहुण्याला बाहेर निरोप धाडता येणार नाही. प्रक्रियेचे नाव, क्रमांक, फाइलीचा पत्ता आणि वेळ वहीत लिहा. पडद्याचे छायाचित्र घेतले तर उत्तमच. फाइल स्वतः पुसू नका. शिक्षकांना सांगा आणि अद्ययावत व्हायरसविरोधी प्रोग्रॅमने पूर्ण तपासणी करवून घ्या. भारत सरकारच्या सर्ट-इन या संस्थेने २०१७ साली सुरू केलेल्या सायबर स्वच्छता केंद्राकडूनही सफाईची साधने विनामूल्य मिळतात.

आणि एक काम संगणक धडधाकट असतानाच करून ठेवण्यासारखे आहे. पक्षिनिरीक्षक आपल्या भागातील नेहमीच्या पक्ष्यांची यादी ठेवतो, त्यामुळे नवा पक्षी आला की त्याला तो लगेच कळतो. आमच्या संगणक-कक्षात त्या प्रसंगानंतर प्रत्येक यंत्रापाशी एक दोनशे पानी वही ठेवली आहे. नव्या सत्राच्या पहिल्या आठवड्यात मुले यादी उघडतात आणि दोघे दोघे मिळून दहा-दहा प्रक्रियांचे नाव, पत्ता, सही आणि काम लिहून काढतात. गेल्या खेपेस एका नोंदीपुढे 'काम कळले नाही' असे लिहिलेले आढळले. दुसऱ्या दिवशी त्याच जोडीने शोधून लिहिले : 'छपाईयंत्राच्या शाईची पातळी पाहणारा प्रोग्रॅम. छपाईयंत्र तीन वर्षांपूर्वीच मोडीत गेले.' तो प्रोग्रॅम मग आम्ही रीतसर काढून टाकला. पावसाचा तक्ता भरणारी ती मुलगी आता दहावीत आहे आणि त्या वहीची जबाबदारी तिच्याकडे आहे.